चेश्म्यावरचा चष्मा

भाचीने सहलीचं पत्रक वाचून दाखवलं तेव्हाच मला शंका आली होती. एका दिवसात बल्गेरियातली दोन ऐतिहासिक गावं, गाईडसकट, 'संपूर्ण पर्यावरणपूरक'. त्याखाली सहलीत काय काय नसेल याची यादी होती. डिझेल नसेल, छापील तिकीट नसेल, कागदी नकाशा नसेल, प्लास्टिकची बाटली नसेल, कागदी रुमालही नसेल. सगळ्यात शेवटी किंमत. ती मात्र होती, आणि साध्या सहलीच्या दीडपट होती.

"एवढं सगळं नाहीये, तर पैसे कसले?" ताईने विचारलं.

"नसण्याचेच, आई," भाची म्हणाली.

ताई म्हणजे माझी थोरली बहीण. साताऱ्यात मुलांना गणित शिकवण्यात तिचं आयुष्य गेलं आणि ती मुलं मोठी होऊन हिशेब विसरली तरी ही विसरली नाही. तिची लेक सोफियात एका संगणक कंपनीत आहे. तिच्याकडे आम्ही दोघं महिनाभरासाठी गेलो होतो. ताईच्या घरात वस्तू येते, पण बाहेर जात नाही. दुधाची पिशवी धुऊन दोरीवर वाळत पडते. लग्नपत्रिकेच्या पाठकोऱ्या बाजूला वाण्याची यादी जन्म घेते. पण हे सगळं ती पृथ्वीसाठी करत नाही. पृथ्वीचं काय व्हायचं ते होवो, पिशवी चांगली आहे, एवढाच तिचा विचार. अशा बाईला पर्यावरणपूरक सहलीला नेणं म्हणजे कोल्हापूरकराला तिखट खायला शिकवायला नेण्यासारखं होतं.

सकाळी सात वाजता सोफियातल्या जुन्या खनिज स्नानगृहाजवळ जमायचं होतं. तिथे जमिनीतून येणाऱ्या गरम पाण्याचे नळ रांगेने वाहत असतात आणि सोफियाकर तिथे कॅन घेऊन येतात. आपल्याकडे टँकर आल्यावर जमते तशी गर्दी, फक्त भांडण नाही. गाईड म्हणाला, "प्रत्येकाने आपापली बाटली या चेश्म्यावर भरून घ्या."

ताईने चटकन डोळ्यांना हात लावला. चष्मा जागेवर होता.

गाईड पंचविशीतला, उत्साही मुलगा. त्याने सांगितलं की पाण्याच्या सार्वजनिक झऱ्याला, नळाला बल्गेरियनमध्ये 'चेश्मा' म्हणतात. शब्द मूळचा फारसी. फारसीत 'चश्म' म्हणजे डोळा आणि 'चश्मा' म्हणजे झराही. तुर्कांच्या जवळजवळ पाचशे वर्षांच्या राजवटीत झरा बल्गेरियाकडे गेला आणि काचा आपल्याकडे आल्या. अशी वाटणी झालेली दोन्ही घरांना ठाऊक नव्हती. मग आम्हाला चाळाच लागला. दुकान तिथे 'द्युक्यान', साबण 'सापून', बक्षीस 'बक्षिश', खिमा 'कैमा'. पाच हजारांहून जास्त किलोमीटर लांब येऊन वाण्याची यादी वाचल्यासारखं वाटत होतं.

पण नात्यांच्या बाबतीत त्या भाषेने आमची पुरती दाणादाण उडवली. मी ताईला हाक मारली तेव्हा गाईडने विचारलं, ताई म्हणजे काय? मी म्हटलं, थोरली बहीण. त्याचा चेहरा उजळला. "म्हणजे काका!"

"काका?"

"आमच्याकडे थोरल्या बहिणीला काका म्हणतात."

त्या क्षणापासून ताई 'काका' झाली. तो अत्यंत आदराने "काका, सांभाळून चढा," म्हणायचा आणि मी दर वेळी मागे वळून पाहायचो. पुढे प्रवासात तो म्हणाला, "मला माझ्या बाबाने वाढवलं. काय सुंदर विणायची ती!" ताईने माझ्याकडे पाहिलं. मी खिडकीबाहेर पाहिलं. परदेशात लोकांच्या घरगुती बाबतीत बोलू नये. दहा मिनिटांनी उलगडा झाला की बाबा म्हणजे आजी. आजोबा 'द्यादो'. "म्हणजे इथे सगळी पुरुषांची नावं बायकांनी घेतली आहेत," ताई समाधानाने म्हणाली. "घेऊ देत. काम त्याच करत असणार."

निघण्यापूर्वी दोन सोपस्कार झाले. पहिला, कार्बनचा. प्रत्येकाने सोफियापर्यंत कसा प्रवास केला ते सांगायचं होतं. एक निवृत्त जर्मन जोडपं म्युनिकहून रेल्वेने, गाड्या बदलत बदलत आलं होतं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. एक स्पॅनिश मुलगी अर्ध्या वाटेपर्यंत बसने आली होती. तिलाही टाळ्या. मग आमची पाळी. सातारा ते मुंबई मोटार, मुंबई ते इस्तंबूल विमान, इस्तंबूल ते सोफिया पुन्हा विमान. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. आज विजेच्या गाडीने आम्ही जेवढा धूर वाचवणार होतो, तेवढा मुंबईच्या विमानाने धावपट्टीवर वळतानाच सोडला असणार. गाईड समजूतदारपणे म्हणाला, "हरकत नाही. घरी गेल्यावर एखादं झाड लावा."

"दारात शेवगा आहे," ताई म्हणाली. "दोन शेजाऱ्यांना पुरतो."

दुसरा सोपस्कार प्लास्टिकचा. ताईच्या पिशवीतून एक पिशवी निघाली, तिच्यातून दुसरी, तिच्यातून तिसरी. गाईडने कळवळून सांगितलं की एकदाच वापरायचं प्लास्टिक या सहलीत चालत नाही.

"एकदाच वापरायचं?" ताईचा आवाज वर्गात चढायचा तसा चढला. तिने शेवटची पिशवी उलगडली. तिच्यावर साताऱ्यातल्या साडीच्या दुकानाचं नाव होतं, त्यातली निम्मी अक्षरं उडून गेलेली. "ही माझ्या पुतण्याच्या मुंजीतली आहे. त्या पुतण्याचं आता लग्न झालंय."

गाईडने त्या पिशवीकडे ज्या नजरेने पाहिलं, त्या नजरेने तो पुढे फक्त रोमन अवशेषांकडे पाहत होता. पण नियम तो नियम. पिशव्या भाचीच्या घरी ठेवून आलो असं समजून ताईने त्या पर्सच्या तळाशी घातल्या.

गाडी विजेची, आठ आसनी, अगदी आवाज न करणारी. त्यामुळे आत बसलेल्यांचं सगळं ऐकू येत होतं. सोफिया समुद्रसपाटीपासून साधारण साडेपाचशे मीटरवर आहे. आमचं पहिलं गाव कोप्रिव्श्तित्सा स्रेद्ना गोरा डोंगरात हजार मीटरच्या वर. म्हणजे चढ. चढ लागला की गाईड पडद्यावरचा बॅटरीचा आकडा पाहायचा आणि वातानुकूलन बंद करायचा. जुलै महिना होता. खिडक्या उघडाव्यात तर त्याने म्हणे हवेचा विरोध वाढतो आणि बॅटरी जास्त खर्ची पडते. पृथ्वीचं तापमान एका अंशाने कमी राहावं म्हणून आमचं तीन अंशांनी वाढलं. उतार लागला की मात्र चाकं उलट वीज बनवायची, आकडा एकाने वर जायचा आणि गाईड मुलगा झाल्यासारखा आनंदाने मागे वळायचा. "पुढे बघ रे बाळा," ताई मराठीत म्हणायची. ते त्याला कळायचं.

कोप्रिव्श्तित्सा हे नाव उच्चारायला जितकं अवघड तितकं गाव राहायला सोपं वाटतं. 'कोप्रिवा' म्हणजे अंगाला लागली की आग करणारी एक वनस्पती, जिचं तिथले लोक सूप करून पितात. गावाच्या मधून तोपोल्नित्सा नदी वाहते, तिच्या ओढ्यांवर कमानींचे दगडी पूल आणि कोपऱ्याकोपऱ्यावर चेश्मे. घरं निळी, पिवळी, तांबडी, पुढे उंच दगडी भिंती आणि आमच्या वाड्यांना असतात तसे दिंडीचे दरवाजे. एकोणिसाव्या शतकात इथल्या व्यापाऱ्यांनी मेंढ्या, लोकर आणि कापडाच्या जोरावर पार अलेक्झांड्रियापर्यंत व्यापार केला आणि गावी येऊन शेजाऱ्याच्या डोळ्यात खुपतील अशी घरं बांधली. ओस्लेकोव्हच्या घराच्या दर्शनी भिंतीवर तर मालकाने परदेशी शहरांची चित्रं काढून घेतली आहेत. आपण कुठे कुठे जाऊन आलो हे भिंतीवर लावायची हौस फोनमुळे आली, असा माझा समज होता.

1876च्या एप्रिलमध्ये तुर्कांविरुद्धच्या उठावाची पहिली गोळी याच गावात सुटली. जिथे सुटली तो पूल 'पहिल्या बंदुकीचा पूल' म्हणून ओळखला जातो. पूल एवढासा. चार माणसं हात पसरून उभी राहिली तर गर्दी होईल. उठावाचा पुढारी तोदोर काब्लेश्कोव्ह तेव्हा पंचविशीत होता. त्याने शेजारच्या पानाग्युरिश्तेला उठावाची खबर देणारं पत्र धाडलं आणि त्यावर ठार झालेल्या तुर्काच्या रक्ताने खूण केली. ते 'रक्ताचं पत्र' म्हणून बल्गेरियातल्या पोराटोराला माहीत आहे. ओस्लेकोव्हच्या सुंदर घरात उठावकऱ्यांचे कपडे शिवले गेले, आणि मालकाला ते जिवानिशी भोवलं. काही आठवड्यांत उठाव चिरडला गेला. क्लिसुरा जळालं, पानाग्युरिश्ते जळालं, बातकमध्ये हजारो माणसं कापली गेली. काब्लेश्कोव्ह पकडला गेला आणि त्याने कोठडीत स्वतःवर गोळी झाडून घेतली.

"मग हे गाव कसं वाचलं?" जर्मन आजोबांनी विचारलं. चोहीकडे ती निळी-पिवळी घरं ऐटीत उभी होती.

गाईडने जरा आवंढा गिळला. "गावातल्या चोर्बाजींनी सोनं गोळा केलं. आणि सैन्याला दिलं."

चोर्बाजी म्हणजे गावातले धनिक. शब्द चोर्बा म्हणजे रस्सा, शोरबा यावरून आलेला. मराठी कानाला त्यात रस्सा सोडून भलतंच काही ऐकू येतं.

"म्हणजे लाच दिली," ताई म्हणाली.

"रुश्वेत," गाईड हळूच म्हणाला.

जुन्या मराठी कागदपत्रांतली 'रुशवत' अशी कोप्रिव्श्तित्साच्या भर चौकात भेटली. दुकान, साबण, बक्षीस यांच्यानंतर ती येणारच होती, ती काय कुठे एकटी राहते? गाईडला वाटलं, आमचा अपेक्षाभंग झाला. शाळेत त्याला पहिली गोळी शिकवली होती, हे सोन्याचं प्रकरण नाही. पण ताई त्या घराकडे कौतुकाने पाहत होती. "ज्यांनी गोळी झाडली ते थोर," ती म्हणाली. "पण आज आपण जे बघतोय, ते ज्यांनी पैसे मोजले त्यांच्यामुळे. वाचवणाऱ्याला का वाचवलंस असं विचारू नये. विचारलं की तो ओशाळतो."

दुपारचं जेवण एका जुन्या घराच्या अंगणात, अर्थात स्थानिक आणि हंगामी. मालकीण सत्तरीची, काळा रुमाल बांधलेली, म्हणजे शुद्ध 'बाबा'. सुरुवातीला ताराटोर आलं. दही, काकडी, लसूण, शेपू, अक्रोड आणि पाणी. ताईने एक चमचा घेतला. "कोशिंबिरीत पाणी फार झालंय," ती म्हणाली आणि दुसऱ्यांदा वाढून घेतलं. मग चीज, काकडी, टोमॅटोचं शोप्स्का सॅलड. पांढरं, हिरवं, लाल, अगदी त्यांच्या झेंड्याचे रंग. दही हा तर तिथला राष्ट्रीय अभिमान. ते लावणारा जिवाणू 1905 मध्ये स्तामेन ग्रिगोरोव्ह या बल्गेरियन विद्यार्थ्याने जिनिव्हात शोधला आणि पुढे त्या जिवाणूला देशाचंच नाव मिळालं. गाईडने हे सांगितलं तेव्हा ताईने मान डोलावली, पण घरच्या विरजणाला इतकी वर्षं आपण कुणाचंच नाव दिलं नाही, याचं तिला वाईट वाटलेलं दिसलं.

मान डोलावण्यानेच घोळ झाला. बल्गेरियात 'हो'साठी मान आडवी हलवतात आणि 'नाही'साठी वरखाली. बाबा आयर्यानचा, म्हणजे ताकाचा, जग घेऊन आली. तिसरा पेला नको म्हणून मी मान आडवी हलवली. तिने पेला काठोकाठ भरला. आता पुरे, छान होतं, म्हणून मी मान वरखाली केली. तिचा चेहरा पडला आणि तिने भरलेला पेला उचलला. तेवढ्यात तिने ताईला विचारलं. ताईने आपली मान हलवली. आडवी नाही, उभी नाही, आपल्याकडे 'बघू या', 'चालेल', 'तुम्ही म्हणाल तसं' यासाठी असते ती. हजार वर्षांच्या बल्गेरियन परंपरेत या मानेला उत्तर नव्हतं. बाई क्षणभर थबकली आणि आख्खा जग टेबलावर ठेवून आत निघून गेली.

जेवणानंतर चर्चच्या आवारात गेलो. तिथे कवी दिम्चो देबेल्यानोव्हची समाधी आहे. 1916 मध्ये पहिल्या महायुद्धात तो मारला गेला, तिशीही गाठली नव्हती. समाधीवर दगडी बाई बसली आहे. त्याची आई, हनुवटीला हात लावून वाट पाहणारी. गाईडने इथे काही सांगितलं नाही, आणि बॅटरीचा आकडाही पाहिला नाही. ताई बराच वेळ उभी राहिली. मग दारातल्या चेश्म्यावर जाऊन तिने तोंडावर पाण्याचे सपकारे मारले आणि म्हणाली, "चला. ऊन फार आहे."

पुढचा रस्ता उताराचा. प्लोव्दिव्ह साधारण एकशेसाठ मीटरवर. गाडी वीज पीत नव्हती, पाजत होती. वातानुकूलन सुरू झालं आणि जर्मन आजोबांनी पहिल्यांदा गाणं गुणगुणलं. प्लोव्दिव्हचा इतिहास सांगायचा तर इसवीसनपूर्व 342 मध्ये मॅसिडोनियाच्या फिलिपने, म्हणजे सिकंदराच्या वडिलांनी, ते जिंकून त्याला आपलं नाव दिलं, आणि 2019 मध्ये ते युरोपची सांस्कृतिक राजधानी होतं. मधल्या काळात बरंच काही झालं. तिथलं रोमन नाट्यगृह पहिल्या शतकाच्या अखेरीचं. शेकडो वर्षं ते मातीखाली गाडलेलं होतं. 1970च्या दशकाच्या सुरुवातीला दरड कोसळली आणि संगमरवरी पायऱ्या वर आल्या. आता तिथे पुन्हा नाटकं होतात आणि त्याच्या खालून बोगद्यातून मोटारी जातात. मातीखाली लोकांच्या डोळ्यांआड पडून राहिले, म्हणून दगड वाचले. उघड्यावर असते तर कुणाच्या तरी गोठ्याला लागले असते. याचा पुरावा तिथेच आहे. प्लोव्दिव्ह सात टेकड्यांचं शहर. त्यातली मार्कोवो तेपे ही टेकडी रस्त्यांना फरशी हवी म्हणून फोडून फोडून संपवली. आता तिथे एक मॉल आहे, त्याचं नाव मार्कोवो तेपे. टेकडी फरशीने खाल्ली, नाव मॉलने वाचवलं. यावर आम्ही भावंडांनी काही मत दिलं नाही. टेकडी कशी फोडतात हे साताऱ्यापासून मुंबईपर्यंतच्या रस्त्यावर येता-जाता पाहतोच.

गाडीला प्लोव्दिव्हमध्ये चार्जिंग हवं होतं. एक चार्जर बंद निघाला, दुसऱ्यावर रांग. गाईडने घाम पुसत सांगितलं, दोन तास लागतील. मग त्याला शहराचा एक खास शब्द आठवला आणि त्याचा चेहरा खुलला. 'आयल्याक'. घाई न करता, अपराधी न वाटता, निवांत बसून राहणं म्हणजे आयल्याक. प्लोव्दिव्हकरांना याचा अभिमान आहे आणि सोफियाकरांना राग. पत्रकात नसलेला हा कार्यक्रम मला सगळ्यात आवडला. कापाना नावाच्या जुन्या कारागिरांच्या गल्ल्यांत खुर्च्या टाकून आम्ही बसलो. दोन तासांत आम्ही काही जाळलं नाही, काही विकत घेतलं नाही, कुठे गेलो नाही. पर्यावरणासाठी इतकं ठोस काम त्या दिवसात दुसरं झालं नाही.

कॉफीचं मेन्यूकार्ड आलं आणि ताईने पर्समध्ये हात घातला. मग दुसऱ्या कप्प्यात. मग तिसऱ्या.

"चष्मा," ती म्हणाली.

गाईड तत्परतेने उठला. "चेश्मा? या काका, इथे कोपऱ्यावरच आहे." तो तिला हाताला धरून नळापाशी घेऊन गेला. ती परत आली. "चष्मा," ती पुन्हा म्हणाली, डोळ्यांकडे बोट करून. त्याला वाटलं डोळे धुवायचेत. तो पुन्हा घेऊन गेला. तिसऱ्या खेपेला मी मध्ये पडलो आणि इंग्रजीत खुलासा केला. गाईडने विचारलं, "शेवटचा कुठे काढला होता?"

ताईने डोळे मिटून आठवलं. "चेश्म्यावर."

कोप्रिव्श्तित्साच्या चर्चच्या दारात. मागे डोंगरात, नव्वदेक किलोमीटर आणि नऊशे मीटर चढ. गाईडने बॅटरीकडे पाहिलं, मग ताईकडे, मग पुन्हा बॅटरीकडे. सहलीचा पहिला नियमच होता, मागे काही टाकून यायचं नाही. "राहू दे," ताई म्हणाली. "एका चष्म्यासाठी एवढी वीज?" मी तिला ओळखतो. ती पर्यावरणाचा नव्हे, चष्म्याच्या किमतीचा आणि जाण्यायेण्याच्या खर्चाचा गुणाकार करत होती.

आठ दिवसांनी भाचीच्या दारावर बेल वाजली. गाईड. पुढच्या सहलीला कोप्रिव्श्तित्साला गेला तेव्हा तो चर्चपाशी थांबला. चष्मा चेश्म्याच्याच नळावर, दोन्ही काड्या अडकवून, व्यवस्थित टांगलेला होता. कुणीतरी तो पाण्याबाहेर उचलून ठेवला होता. पुढे आठवडाभर आल्या-गेल्याने तिथे बाटल्या भरल्या, पण चष्म्याला हात लावला नाही. "मुद्दाम फेरी केली नाही," त्याने घाईने सांगितलं. "जाणारच होतो." वाचवणारा ओशाळतो, ते असं.

त्याने पुडकं पुढे केलं. काचांवर चरे पडू नयेत म्हणून चष्मा प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळला होता. ते लक्षात येताच तो लाल झाला, पिशवी काढून घ्यायला त्याने हात पुढे केला. पण तोवर ताईने ती मांडीवर घेतली होती. तळव्याने तिने ती सपाट केली, चार घड्या घातल्या आणि पर्समध्ये ठेवली, मुंजीच्या पिशवीच्या आत.

"चांगली आहे," ती म्हणाली.